सनद कशाची, जमिनीची की वसुलीची?

पालघर-बोईसरकडे जमिनीचा वाद निघाला की कोणीतरी ठासून सांगतोच, ‘आमच्याकडे जुन्या सरकारचा कागद आहे, त्याला कोण हात लावणार?’ दुसरा तितक्याच त्वेषाने म्हणतो, ‘परक्यांनी दिलेला कागद, घाला बंबात!’ माझं भांडण दोघांशी आहे. कागद वाचलेला दोघांनीही नसतो.

पहिल्याचा पूर्वपक्ष असा: देणारा राजा होता, म्हणून देणं कायमचं. पण राजा कोणता? १५३४ मध्ये गुजरातच्या बहादूरशहाने वसईचा मुलूख पोर्तुगीजांना दिला आणि त्यांनी गावं आपल्या सरदारांना वाटली. १७३९ मध्ये चिमाजीअप्पांच्या मोहिमेत तारापूरचा कोट मराठ्यांनी घेतला. पुढे इंग्रज आले. एकाच शिवारावर इतके धनी! अशा वेळी जुनं देणं आपोआप टिकत नाही. नव्या सत्तेने मानलं तरच ते उरतं, हे प्रिव्ही कौन्सिलने १९१५ मध्ये अहमदाबादेकडच्या कसबाती जमीनधारकांच्या खटल्यात सांगितलं आणि आपल्या सर्वोच्च न्यायालयाने १९६४ मध्ये तीच वाट धरली.

मग कागद बंबात घालायचे? तेही नाही. तलासरी ओलांडली की नगर हवेली लागते. १९५४ मध्ये ती पोर्तुगीजांच्या हातून मुक्त झाल्यावर पोर्तुगालने हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात दावा मांडला: पेशव्यांशी झालेला १७७९ चा तह आणि त्यांच्या १७८३ व १७८५ च्या सनदा यांनी हा मुलूख आम्हाला मिळाला. भारताने काय केलं? सनदाच बारकाईने वाचायला लावल्या. १९६० च्या निकालात न्यायालयाने मान्य केलं, की पेशव्यांनी दिला तो वसुलीचा सरंजाम, बारा हजार रुपयांचा, राज्य नव्हे. मोडी वाचणाऱ्या एखाद्या कारकुनाने हे चहा पिता पिता सांगितलं असतं. मात्र त्याच निकालात हेही आहे, की इंग्रजांनी पुढे पोर्तुगालची सत्ता मानली, म्हणून ती तिथे उभी राहिली. आणि माणसं, मुलकी अधिकारी व माल यांच्या ये-जेचा हक्कही मान्य झाला, सैन्याचा नाही. म्हणजे कागदाचा अर्थ वागणुकीनेही ठरतो. आपल्या सोयीचं तेवढंच उचलणाऱ्यांनी हा भाग वगळू नये.

तिथल्याच अलवारांचं पाहा. पोर्तुगीज सरकारने १९२० च्या दशकात दिलेले हे पट्टे, अट अशी: जमीन लागवडीखाली आणा. ती पाळली नाही म्हणून १९७४ मध्ये जिल्हाधिकाऱ्यांनी ते रद्द केले. धारकांचं म्हणणं, पोर्तुगीजांनी कधी हटकलं नाही, म्हणजे अट सुटली. सर्वोच्च न्यायालयाने २०२५ मध्ये ते मानलं नाही. मला हे योग्य वाटतं. पट्टा मिरवायचा तर अटीसकट मिरवा.

पण या सगळ्या दफ्तरात कसणाऱ्याचं नाव कुठे आहे? १९४५ च्या उठावात तलासरी-डहाणूच्या वारल्यांनी वेठ नाकारली, तेव्हा कागद सावकार-जमीनदारांच्याच पेटीत होते. २००६ च्या वनहक्क कायद्याने आणि त्याखालच्या नियमांनी पुराव्याची यादी रुंदावली. १३ डिसेंबर २००५ पूर्वीचा ताबा दाखवायला आदिवासीला बांध, विहीर, स्मशान, वडीलधाऱ्यांचा जबाब पुढे करता येतो आणि दाव्याची पहिली छाननी ग्रामसभेत होते. सनदेच्या बाजूने हिरिरीने बोलणारे नेमके या यादीलाच ‘तोंडी पुरावा’ म्हणून नाक मुरडतात. शेताचा बांध तोंडी कसा, ते त्यांनी एकदा डहाणूच्या डोंगरावर उभं राहून सांगावं.