पाडव्याला गडी बदलायचा आन म्हणायचं गाय मारकी निघाली



१९ मार्चला पाडवा आहे. गावोगाव सालाचे सौदे सुरू झालेत. कुणाचा गडी कुणाकडं चालला, उचल किती घेतली, पारावर हाच विषय. मला सालाच्या रकमेवर लिहायचं नाही. पाडव्यानंतरच्या महिन्याभरात जे होतं त्यावर लिहायचंय. त्या दिवसात आमच्या भागातल्या बाजारात एक चक्कर मारा आन "मारकी हाय" म्हणून विकायला आणलेल्या ताज्या व्यालेल्या गायी बघा. विकणाऱ्याला विचारा, गडी कधी बदलला? मी विचारत असतो. आधी हसतात. हसून झालं की सांगतात, "आवं, पाडव्यालाच की."

माझं म्हणणं एवढंच हाय की व्यालेली गाय वासरासाठी अंगावर येते हे खरं, पण माणूस आडवा पाडण्यापर्यंत तिला आपण नेतो. एक दिवस हा माणूस, दुसऱ्या दिवशी तो माणूस, सकाळी सहाला एकदा तर नऊला एकदा, कधी आधी पेंड तर कधी आधी वासराला हात. आन मग "स्वभावाला औषध नाही" म्हणून मोकळे. औषध आहे. फुकट आहे. पण त्याला रोज त्याच वेळेला उठावं लागतं, म्हणून कुणाला नको आहे.

हे शहाणपण मला मालकिणीच्या दोन बरगड्या मोडल्यावर आलं, ते आधी सांगतो.

माझी गुंजी लाल कंधारी. कंधार तालुक्याच्या नावाची जात, नांदेड, परभणी, लातूर ह्या पट्ट्यातली आपली. रंग गुंजेसारखा म्हणून नाव गुंजी. २०२४ चा पाडवा ९ एप्रिलला होता. आठ वर्षं माझ्याकडं असलेला गडी त्या पाडव्याला लेकाकडं पुण्याला गेला. नवा गडी आला. १३ तारखेच्या रात्री गुंजी व्याली, तिसरं वेत. पहिल्या दिवशी मी होतो. दुसऱ्या दिवशी नव्या गड्यानं वैरण टाकली. तिसऱ्या दिवशी सुट्टीवर आलेल्या पोरानं. लाईट त्या आठवड्यात रात्रीची होती. मी रात्रभर उसात पाणी धरायचो आन सकाळी आठपर्यंत झोपायचो, त्यामुळं धार कधी सहाला, कधी नऊला. चौथ्या दिवशी, १७ एप्रिलला, रामनवमीला, मालकीण आखाड्यावर आली. वासराची नाळ वाळली का बघायला वाकली. ती गायीच्या मागल्या अंगानं गेली, मागं मागं आमचं कुत्रं, आन वासरू मधी. गुंजीनं एकदाच डोकं घातलं. मालकीण गव्हाणीवर आदळली.

परभणीला नेलं, एक्स-रे काढला, दोन बरगड्या. दीड महिना उशीला टेकून बसून झोपली ती.

संध्याकाळपर्यंत आखाड्यावर सल्लागार जमा. एकानं सांगितलं, लाकडानं झोडप, उतरंल मस्ती. दुसरा म्हणाला कंधारीची जातच तापट, जर्शी घे. तिसऱ्यानं व्यापारी आणला. मीबी रागात होतो. दोन हजार इसार घेतला.

रात्री मालकिणीला सांगितलं, गाय विकली. ती म्हणाली, "चार दिसात चार मान्सं घातलीत तिच्यापुढं. पाचवी मी गेले, ती बी कुत्रं घेऊन. तिनं काय करावं? आन इकून कुणाच्या बायकूच्या बरगड्या मोडायच्यात?"

सकाळी इसार परत केला. व्यापारी म्हणाला, दादा, पस्तावताल.

आता जे आखाड्यावर जमले होते त्यांना, आन त्यांच्यासारख्या सगळ्यांना सांगतो. गायीचे डोळे डोक्याच्या दोन बाजूंना असतात. तिला जवळपास चौफेर दिसतं, फक्त बरोबर मागचं दिसत नाही. आपल्या गोठ्याचं दार बहुतेक तिच्या मागंच असतं. म्हणजे जिथून दिसत नाही तिथूनच आपण रोज आत शिरतो. व्याल्यावर पहिले काही दिवस तिच्या अंगात वासरू राखायची ओढ सगळ्यात जास्त असते. जंगलातल्या तिच्या पूर्वजांची वासरं गवतात दडून पडायची आन लांडगा आला तर आई शिंगं लावायची. आखाड्यावर लांडग्याच्या जागी तुमचं कुत्रं आहे, आन कुत्र्याबरोबर येणारा अनोळखी माणूस आहे. जनावर माणूस ओळखतं. आवाजावरून, वासावरून, कपड्यावरून. रोज त्याच वेळी तोच माणूस येतो, पेंड ठेवतो, वासराला काही करत नाही, हे तिला पंधरा-वीस वेळा दिसलं की तिची राखण ढिली पडते. रोज वेगळं काहीतरी घडलं की ती रोज नव्यानं शिंगं उगारते. ह्यात न समजण्यासारखं काय हाय?

आन लाकडानं काय होतं? भ्यालेली गाय दूध चोरते. वासरानं ढुशी दिली, सडाला हात लागला की मेंदूतून ऑक्सिटोसिन सुटतं आन पान्हा येतो, तो काही मिनिटंच टिकतो. भीतीनं अंगात दुसरा रस सुटला की पान्हा अडतो. मग काही शहाणे त्याच ऑक्सिटोसिनचं इंजेक्शन टोचतात. आधी गायीला मारून तिचा स्वतःचा पान्हा बंद करायचा, मग विकत आणून टोचायचा. दूध वाढवायला जनावराच्या जिवाला अपाय होईल असं इंजेक्शन देणं १९६० च्या प्राणी क्रूरता प्रतिबंधक कायद्याच्या कलम १२ खाली गुन्हा आहे, हे टोचणाऱ्याला ठाऊक असतं म्हणूनच ते कपाटाच्या मागं ठेवलेलं असतं.

गुंजीला मी काय केलं ते सांगतो, कारण नुसत्या शिव्या देऊन भागत नाही. सकाळी साडेपाच, संध्याकाळी साडेपाच. मीच, दुसरं कुणी नाही. डोक्याला तेच पांढरं उपरणं. बांधावरूनच आवाज द्यायचा, "हो गुंजे, आलो." बादलीची कडी वाजवायची. समोरून जायचं, तिच्या खांद्याच्या बाजूनं, तिला दिसत. आधी भिजवलेली सरकी पेंड आन भरडा, मग पाणी, मग वासरू सोडायचं, त्यानं पान्हा सोडवला की धार, दोन सडं वासराला ठेवून. शेण शेवटी. वासराची दावण तिच्या नजरेसमोर. कुत्रं बांधलेलं. गाय आन वासराच्या मधी कधीच उभं राहायचं नाही, आन आपल्या पाठीमागं निघायला वाट मोकळी पाहिजे.

पहिले तीन दिवस मी आडव्या बल्लीच्या अलीकडूनच टोपलं सरकवलं, आत गेलोच नाही. ते तीन दिवस धार नाही, दूध सगळं वासराला. चौथ्या दिवशी ती माझ्यासमोर खायला लागली. अकराव्या दिवशी फुरफुरणं थांबलं, मानेला हात लावू दिला. चौदाव्या दिवशी मालकिणीला दाखवायला परभणीला गेलो, यायला रात्रीचे नऊ झाले, पुतण्यानं वैरण टाकली होती. दुसऱ्या दिवशी परत शिंगं खाली. दोन दिवस मागं गेलो. एकोणिसाव्या दिवशी तिच्यासमोर वासराच्या अंगावरचे गोचीड काढले, तिनं बघितलं आन रवंथ करत राहिली. काठी लागली नाही.

लोक म्हणतात, शेतकऱ्याला घड्याळ लावून बसायला वेळ कुठंय. रात्रीची लाईट, सोयाबीन काढणी, कापूस वेचणी, लग्नं. कबूल, माझंबी तेच रडगाणं होतं. पण हिशेब करा. एका वेळचा अर्धा तास आपण असंतसं देतोच, फक्त कधीही देतो. रात्रीची लाईट असली तर मी आता साडेपाचला मोटार चालू ठेवून आखाड्यावर येतो, धार काढतो, परत जातो. वाफा थोडा फुटला तर फुटला. वाफ्याची माती ओढता येते.

पुढचं वेत २०२५ च्या पोळ्याच्या तोंडावर होतं. मालकीण म्हणाली, ह्या वेळी मीच करणार. मला धसका होता. तिलाही असणार, पण ती बोलली नाही. आषाढी झाल्यापासून, म्हणजे व्यायच्या दीड महिना आधीपासून तिनं दोन्ही वेळा सुरू केल्या. तीच हाक, तीच बादली. गुंजी व्याली त्या दिवशी तासाभरात वासराला चीक पाजला, गुंजी भरडा चाटत होती तोवर मालकिणीनं बल्लीच्या आडून नाळेला आयोडीन लावलं. गुंजीनं एकदा मान फिरवून हुंगलं. बस.

खरी परीक्षा सप्टेंबरात झाली. तो पाऊस तुम्हाला सांगायला नको. गंगेचं पाणी आखाड्यात शिरलं, वैरण गेली, जनावरं गावातल्या उंचावरच्या पत्र्याच्या शेडात नेली. वीस-पंचवीस परकी जनावरं, मोकाट कुत्री, चिखल, अंधार, आन वासरू महिन्याचं. माझं सगळं गणित मोडणार असं वाटलं. जागा बदलली, शेजार बदलला, वैरण बदलली. न बदललेलं काय होतं? मालकीण, तिची हाक, बादली आन साडेपाच. गुंजीनं पाय आपटले, फुरफुरली, कुत्र्यावर धावली. माणसाला लागली नाही. त्याच शेडात दुसऱ्या एका व्यालेल्या गायीनं एका पोराला पाडलं. तिच्याकडं रोज जो यायचा तो माणूस पुरात पलीकडं अडकला होता. ती गाय महिन्याभरात विकली गेली. "मारकी" म्हणून. कंधारी कमी होत चालली म्हणून आपण भाषणं ऐकतो आन टाळ्या वाजवतो. चांगल्या दुधाच्या, चौथ्या वेताच्या गायी अशा एकेक करून दावणीवरून जातात, त्याचं काय?

आन गड्याचं काय? हे कुणी बोलत नाही म्हणून मी बोलतो. नव्या गड्याला पहिल्याच दिवशी "जा, धार काढ" म्हणून व्यालेल्या गायीपुढं ढकलायचं. तिनं पाडलं तर म्हणायचं, गडी खुळा हाय, जनावरात राहिलेला न्हाई. त्यानं उचल घेतलेली असते, त्याला सोडून जाता येत नाही. मोडलेला हात घेऊन तो वर्ष काढतो. दवाखान्याचे पैसे कोण देतं ते आपल्या आपल्याला माहीत आहे. माझ्या मालकिणीला निदान एक्स-रे मिळाला.

डॉक्टर आन कृषीवाले वाचतात म्हणून मर्यादाबी सांगतो. शांत गाय अचानक, व्यायचा संबंध नसताना अंगावर यायला लागली, लाळ गळायला लागली, वेगळाच आवाज काढून हंबरायला लागली, तर घड्याळ लावून बसू नका. पिसाळल्याचा संशय धरा, तोंडात हात घालू नका, डॉक्टर बोलवा. कास दगडासारखी झाली असेल, खुरात काही रुतलं असेल तर ती दुखण्यानं मारते, आधी दुखणं बघा. आन वळूवर ह्यातलं काहीच लावू नका. तीन वर्षं हातावर चारलेला वळूबी एक दिवस भिंतीला दाबतो, तिथं दोर आन अंतरच पाहिजे. शिबिरात खुराक, लसी, रेतन सगळं शिकवता, चांगलं शिकवता. पण व्यालेल्या गायीपुढं पहिले वीस दिवस कोण जाणार, किती वाजता जाणार, कुठल्या बाजूनं जाणार, ह्यावर अर्धा तास बोला की.

यंदा माझा गडी परत बदलतोय. मी नव्याशी बोली करताना अट घातली. होळीपासून यायचं, पाडव्यापर्यंत दोन्ही वेळा जुन्या गड्यासंगं आखाड्यावर उभं राहायचं, त्या पंधरा दिवसांचा रोज वेगळा देणार. पारावर हसले. "गायीला गडी दाखवायचे पैसे देतोय म्हणं." देतोय. जुना पुढं, नवा एक पाऊल मागं, बादली नव्याच्या हातात, हाक दोघांची. काल पाचवा दिवस होता. गुंजीनं पेंड खाल्ली, पण नव्या गड्यावरची नजर काढली नाही आन कान अजून ताठच होते. म्हणून वासराचं दावं अजून त्याच्या हातात दिलेलं नाही.