पाळणा हलला नाही म्हणून

लग्नाला दोन वर्षं झाली की "गोड बातमी कधी?" सुरू होतं. सात-आठ वर्षांनी लोक विचारायचं थांबतात, आणि त्या घरातलं बोलणंही आटलेलं असतं. भांडण नसतं. तो ताटावर मोबाइल घेऊन बसतो. ती बारशांना एकटी जाते, मग तेही सोडते. त्याला यायला उशीर झाला तर तिला बरंच वाटतं. इथे सावध व्हा.

तपासण्या दोघांच्या एकदमच करा. बाईची दुर्बिणीची तपासणी होते, सोळा सोमवार होतात, आणि पुरुषाची साधी वीर्यतपासणी "मला काय धाड भरलीय?" म्हणत वर्षानुवर्षं राहते. दोष पुष्कळदा पुरुषात असतो, कधी दोघांत, कधी कारण सापडतच नाही. 'वांझ' हा शब्द मात्र बाईच्याच वाट्याला. नवरा आईसमोर गप्प बसतो, त्या गप्प बसण्याची जखम रिपोर्टपेक्षा खोल जाते. भावांनो, आईला एकदा सांगा, "हे आमच्या दोघांचं आहे."

उपचारांना हद्द घाला. किती खेपा, किती पैसे, हे एकत्र बसून ठरवा. टेस्ट ट्यूबसाठी कायद्याने बाईला 50 आणि पुरुषाला 55 वर्षांपर्यंत मुभा आहे, म्हणून तिथवर ओढत न्यायलाच हवं असं नाही. तारखा मोजून जवळ यायचं, हे फार काळ कुणालाच सोसत नाही.

"दत्तक घ्या, संसार सावरेल," असंही कुणी सांगेल. ऐकू नका. दत्तकासाठी दोघांची संमती आणि किमान दोन वर्षांचं स्थिर वैवाहिक नातं लागतं, असा नियमच आहे. आधी संसार, मग मूल. आणि मूल नसलं तरी संसार होतो: संततिनियमनाचा प्रचार करणारे र. धों. कर्वे आणि त्यांच्या पत्नी मालतीबाईंनी तर ठरवून मूल होऊ दिलं नाही. तुमचं तसं नाही, कळतं मला. पण दोघांच्या घरालाही घर म्हणतात.

आजच रात्री मोबाइल बाजूला ठेवून जेवा. डॉक्टर आणि आई, दोन्ही विषय वर्ज्य. जमत नसेल तर समुपदेशकाकडे जा, वकिलाकडे जाण्याआधी.

आणि नातेवाइकांनो, पुढच्या बारशाला या दोघांना आवर्जून बोलवा. तिची ओटी भरा. पाळण्याची दोरी तिच्या हातात द्या, आणि काही विचारू नका.