मैदानाला दार हवं

पोलीस भरतीची तयारी करणारी पोरं जालन्यातल्या मैदानांवर पहाटे पाचच्या आत येतात. अंबड, मंठा, परतूरकडून शहरात येऊन खोली करून राहिलेली, बहुतेक शेतकऱ्यांची. मुलांना १६०० मीटर धावायचं असतं, मुलींना ८०० मीटर, शिवाय गोळाफेक. पण धावण्याआधी ही पोरं मोबाइलच्या उजेडात वाकून सगळा ट्रॅक चालून घेतात. रात्री फुटलेल्या बिअरच्या बाटल्यांच्या काचा वेचतात आणि कडेला सिमेंटच्या पोत्यात भरतात. अख्खी बाटली भंगारवाला घेऊन जातो, तिचे पैसे येतात. फुटलेलीला कोणी वाली नाही. मी सकाळी फिरायला जातो तेव्हा एखादी पोरगी हमखास सांगते, "काका, त्या कोपऱ्यात जाऊ नका, रात्री बसले होते तिथं."

अनेक वर्षं मी याच जिल्ह्यात मुलांना खेळ शिकवले. त्यात बास्केटबॉल माझ्या विशेष जिव्हाळ्याचा. म्हणून परवा आलेला एक फोन डोक्यातून जात नाही. माझा एक जुना विद्यार्थी अमेरिकेच्या दक्षिण भागातल्या एका विद्यापीठात शिकतो. त्याचे वडील बदनापूरकडचे मोसंबीवाले बागायतदार. ते मुलाकडे गेले होते आणि मुलगा त्यांना कॉलेजचा बास्केटबॉल सामना बघायला घेऊन गेला. तिथून आल्यावर त्यांनी मला फोन केला. "सर, आत बिअर मिळते. कॉलेजच्या मॅचला! पोरगा म्हणाला, बघा एक घेऊन. मी रांगेत उभा राहिलो तर काउंटरवरच्या मुलीनं माझ्याकडं ओळखपत्र मागितलं. माझं डोकं सगळं पांढरं. तरी म्हणाली, पासपोर्ट दाखवा."

ते हसत होते, पण मला त्या मुलीचं फार कौतुक वाटलं. नियम पाळायचा तर समोरच्याचे केस बघून चालत नाही, एवढं तिला कोणीतरी नीट शिकवलं होतं.

कॉलेजच्या सामन्यात बिअर ही अमेरिकेतही जुनी रीत नाही. तिथल्या दक्षिणेकडच्या मोठ्या विद्यापीठांची साउथईस्टर्न कॉन्फरन्स नावाची संघटना आहे. त्यांच्या स्टेडियममध्ये सामान्य प्रेक्षकांना दारू विकायला बंदी होती. महागड्या बॉक्समध्ये बसणाऱ्यांना मात्र ती मिळत असे. मे २०१९ मध्ये ही बंदी उठली आणि निर्णय ज्याच्या त्याच्या विद्यापीठावर सोपवला गेला. सोबत अटी आल्या. फक्त बिअर, वाइन आणि तशीच सौम्य पेयं. ती ठरलेल्या काउंटरवरच मिळणार, प्रेक्षकांत फिरून विकायची नाहीत. प्रत्येक खरेदीला ओळखपत्र. एका वेळी किती पेले द्यायचे यावर मर्यादा. विकणाऱ्याला प्रशिक्षण. आणि पुरुषांच्या बास्केटबॉलमध्ये दुसऱ्या अर्ध्या डावातली बारा मिनिटं उरली असताना जो विराम येतो, तेव्हा विक्री बंद. सामना रंगात यायच्या वेळी गल्ला मिटतो, म्हणजे घरी गाडी चालवत जाणाऱ्याची नशा उतरायला थोडा वेळ मिळतो.

त्याच्या आठ वर्षं आधी, २०११ मध्ये, वेस्ट व्हर्जिनिया विद्यापीठानं आपल्या फुटबॉल स्टेडियममध्ये बिअर विकायला सुरुवात केली होती. त्यांची अडचण ऐकण्यासारखी आहे. आत बंदी असल्यामुळे लोक बाहेर गाडीजवळ भरपूर पिऊन आत येत. मध्यंतराला पुन्हा बाहेर जाऊन, घाईघाईत कडक दारू ढोसून परत येत. विद्यापीठानं एकाच वेळी दोन गोष्टी केल्या. आत बिअर मिळेल, पण एकदा बाहेर गेलेला पुन्हा आत येणार नाही. त्यानंतर स्टेडियममधल्या पोलिसांच्या कारवाया कमी झाल्या. अर्थात यात पैसाही होता आणि त्याचा आकडा विद्यापीठाला गोड वाटला असणार. पण बिअरइतकंच महत्त्व मी त्या दुसऱ्या अटीला देतो. दारावर माणूस उभा राहिला, हे त्यातलं खरं काम.

मला विचाराल तर कॉलेजच्या सामन्यात बिअर विकणं मला पटत नाही. हा खेळ जन्मला कुठे ते आठवावं. डिसेंबर १८९१ मध्ये अमेरिकेतल्या स्प्रिंगफील्ड गावी, वायएमसीएच्या प्रशिक्षण शाळेत जेम्स नेस्मिथ या शिक्षकानं हिवाळ्यात बंद खोलीत खेळता येईल असा खेळ शोधून काढला. सज्जाच्या कठड्याला फळांच्या दोन टोपल्या बांधल्या आणि तेरा नियम लिहिले. वायएमसीए ही संस्थाच मुळी १८४४ मध्ये लंडनमध्ये, खेड्यातून शहरात कामाला आलेल्या तरुण पोरांना गुत्त्यापासून आणि रस्त्यावरच्या नादांपासून दूर ठेवायला निघाली होती. आपल्या देशातही बास्केटबॉल याच संस्थेनं आणला आणि रुजवला. संध्याकाळच्या रिकाम्या वेळात पोराच्या हातात काय द्यायचं, या काळजीतून हा खेळ आला. तो शिकवताना मी कायम हेच मनात ठेवलं. त्याच खेळाच्या सामन्यात, ज्यांच्यासाठी तो काढला त्या वयाच्या पोरांच्या गर्दीत गल्ला मांडायचा, हे माझ्या मनाला लागतं.

तरीही त्या फोननंतर मी आपल्याकडचा विचार करत बसलो. त्यांनी गल्ला मांडला, आपण तो मांडला नाही, म्हणून आपली पोरं जास्त सुरक्षित आहेत का?

आपला कायदा कडक आहे. १९४९ चा मुंबई दारूबंदी कायदा, त्याला आता महाराष्ट्र दारूबंदी कायदा म्हणतात. बिअरसाठी वयाची अट २१ वर्षं, कडक दारूसाठी २५. अमेरिकेतही १९८४ च्या कायद्यापासून वयाची अट २१ आहे, म्हणजे बिअरपुरतं बदनापूरचं पोरगं आणि तिकडचं पोरगं कायद्यापुढे सारखंच. शिवाय आपल्याकडे पिणाऱ्याजवळ परवाना लागतो, एका दिवसाचा, वर्षाचा किंवा कायमचा. इतकी कागदोपत्री तटबंदी तिकडे नाही. आणि व्यवहार कसा आहे ते जिल्ह्यातल्या कोणत्याही बिअर शॉपीसमोर संध्याकाळी सातला दहा मिनिटं उभं राहून बघावं. अकरावी-बारावीची पोरं येतात, पैसे देतात, काळ्या पिशवीत बाटल्या घेतात. वय विचारल्याचं मला तरी क्वचितच दिसलं. ती पिशवी घेऊन घरी जाता येत नाही. परमिट रूमचं बिल परवडत नाही. मग मोकळी, अंधारी, फुकट जागा उरते ती मैदानाची. चकण्याची पाकिटं, प्लास्टिकचे ग्लास, आणि उठताना बाटली खांबावर फोडायची. बास्केटबॉलचा लोखंडी खांब त्यासाठी फार सोयीचा असतो, हे मी वर्षानुवर्षं बघत आलोय.

म्हणजे आपल्या मैदानावर बिअर आहेच. तिकडे सामना चालू असताना, दिव्याखाली, वय तपासून, पेल्यात. इकडे सामना संपल्यावर, अंधारात, न तपासता, काचेत.

आणि सामन्याला तरी कोण येतं आपल्याकडे? बदनापूरच्या त्या बागायतदारांनी सांगितलं की कॉलेजच्या त्या सामन्याला हजारो लोक होते. म्हाताऱ्या बायका कॉलेजच्या रंगाचे कपडे घालून आल्या होत्या. बिअरपेक्षा मला याचंच नवल वाटलं. आमच्या विद्यापीठाच्या, म्हणजे डॉ. बाबासाहेब आंबेडकर मराठवाडा विद्यापीठाच्या आंतरमहाविद्यालयीन स्पर्धांना मी संघ घेऊन जायचो तेव्हा कोर्टाच्या कडेला दोन्ही संघांची राखीव पोरं, पंच, शिपाई आणि एखादा गाडीचा ड्रायव्हर. आईवडील नाहीत, प्राध्यापक नाहीत, वर्गातली पोरंसुद्धा नाहीत. एका मुलीनं शेवटच्या मिनिटाला लांबून टाकलेली बास्केट मी पाहिलीय, तिला टाळी वाजवायला सहा-सात माणसं होती. ज्या मैदानावर गावाची नजर नसते ते मैदान आपोआप बाटलीवाल्यांचं होतं.

जालन्याला खेळ बघायची हौस नाही असं कोणी म्हणू नये. डिसेंबर २०१८ मध्ये महाराष्ट्र केसरीची स्पर्धा याच शहरात झाली. बुलडाण्याच्या बाला रफिक शेखनं अंतिम लढतीत पुण्याच्या अभिजित कटकेला ११-३ असं हरवलं, तेव्हाची गर्दी, हलगीचा तो आवाज ज्यांनी ऐकला ते विसरणार नाहीत. याच जिल्ह्याच्या विजय झोलनं २०११ मध्ये राज्याच्या एकोणीस वर्षांखालच्या संघाकडून एका डावात ४५१ धावा काढल्या आणि पुढे त्या वयोगटाच्या विश्वचषकात देशाचं नेतृत्व केलं. आपल्या पोरांना बघायला गाव येतं, फक्त त्याला बोलवावं लागतं, बसायला पायऱ्या लागतात, डोक्यावर सावली लागते.

बाटलीला मात्र बोलवावं लागत नाही, ती टीव्हीवरून थेट घरात येते. दारूची जाहिरात आपल्याकडे टीव्हीवर चालत नाही. म्हणून तेच नाव सोड्याच्या, पाण्याच्या, गाण्यांच्या सीडीच्या पाठीवर बसून आयपीएलच्या दोन षटकांच्या मध्ये येतं. मार्च २०२५ मध्ये केंद्राच्या आरोग्य सेवा महासंचालनालयानं आयपीएलला पत्र लिहून तंबाखू आणि दारूच्या अशा आडवाटेच्या जाहिराती बंद करा असं सांगितलं. पत्र चांगलं होतं. पण नववीतल्या पोराला नावं पाठ होऊन गेली त्याला आता कित्येक वर्षं झाली.

मराठवाड्याचं या पेयाशी आणखी एक नातं आहे. बिअर मुख्यत्वे पाण्याची बनते आणि ती बनवणारे कारखाने आपल्या शेजारी, छत्रपती संभाजीनगरच्या औद्योगिक वसाहतींत आहेत. त्यांचं पाणी जायकवाडीचं. जालना शहर पितं तेही जायकवाडीचं. २०१६ च्या उन्हाळ्यात धरण मृतसाठ्यावर गेलं होतं, लातूरला मिरजेहून रेल्वेनं पाणी येत होतं. तेव्हा मुंबई उच्च न्यायालयानं ३० एप्रिलनंतरचे आयपीएलचे सामने राज्याबाहेर न्यायला सांगितले आणि औरंगाबाद खंडपीठानं मद्य कारखान्यांच्या पाण्यात आधी ५० आणि मग ६० टक्के कपात केली. घागरी घेऊन टँकरच्या रांगेत उभ्या असलेल्या आमच्या बायकांना खेळ, बिअर आणि पाणी यांचा संबंध कोणी समजावून सांगायची गरज नव्हती. गावागावांत मतदान करून बाटली आडवी करणाऱ्याही याच बायका. त्या दुकान बंद करू शकतात, पण रात्री नऊला मैदानावर जाऊन उभ्या राहू शकत नाहीत. ते काम त्यांच्या डोक्यावर टाकणं योग्यही नाही.

म्हणून मला काय हवं आहे ते सरळ सांगतो. आपल्या कॉलेजच्या मैदानात बिअरचा गल्ला नको, आज नको आणि कधीच नको. पण तिकडच्या काउंटरवरच्या त्या मुलीसारखं माणूस आपल्याकडच्या प्रत्येक बिअर शॉपीत हवं. राज्य उत्पादन शुल्क विभागाचे छापे बहुतेक हातभट्टीवर पडल्याचं वाचायला मिळतं. तेवढ्याच नेटानं वय न विचारता विकणाऱ्या परवानाधारकावर कारवाई व्हावी. पहिल्यांदा दंड, पुन्हा सापडला तर काही दिवस शटर खाली. हे एका महिन्यात सुरू होऊ शकतं, त्याला नवा कायदा लागत नाही.

दुसरं, मैदानाला कुंपण, दार, रात्री दहापर्यंत दिवे आणि एक रखवालदार. दिवे असले की मुलं रात्री खेळतील. सातनंतर मोकळी होणारी, दिवसभर स्टील कारखान्यात किंवा दुकानात राबणारी पोरं तर नक्कीच येतील, कारण त्यांना दिवसा वेळच मिळत नाही. जिथे दहा पोरं बास्केटबॉल खेळतायत तिथे कोणी बाटली फोडत नाही, हे मी छातीठोकपणे सांगतो. आणि कॉलेजांनी सामन्याच्या दिवशी शेवटचे दोन तास सुट्टी देऊन सगळ्या वर्गांना कोर्टावर आणावं, पालकांना निरोप पाठवावा.

पैसा नाही, असं उत्तर मला अनेकदा मिळालं आहे. जिल्ह्यात विकल्या जाणाऱ्या प्रत्येक बाटलीवर सरकारला कर मिळतो, आणि तो राज्याच्या मोठ्या उत्पन्नांपैकी एक आहे. त्यातून प्रत्येक मैदानाला एका रखवालदाराचा पगार आणि विजेचं बिल द्यावं. जिल्हा नियोजन समितीच्या पुढच्या बैठकीत ही मागणी लेखी मांडायची, असं आम्ही काही जुन्या क्रीडाशिक्षकांनी ठरवलं आहे. ज्यांना सही करायची आहे त्यांनी रविवारी सकाळी सातला कोर्टावर यावं.