हशा की साक्ष?

पोलंडमध्ये क्राकूव शहरालगत १९४९ पासून कामगारांसाठी वसविलेले नोवा हूता हे नगर दाखविण्याचा आता एक व्यवसायच झाला आहे. जुन्या ट्राबांट मोटारीत प्रवाशांना बसवावयाचे, रुंद रस्ते व करड्या इमारती दाखवावयाच्या आणि गेलेल्या राजवटीवर चार विनोद करावयाचे, असा काही व्यावसायिकांचा परिपाठ आहे. त्यास आमचा स्पष्ट विरोध आहे.

सहलींना आमची हरकत नाही. वास्तू ही मुकी साक्षीदार असते. तिला बोलते करणारा मार्गदर्शक हवाच. परंतु साक्षीचा अर्धाच भाग न्यायासनापुढे ठेवणारा वकील जसा न्यायाचा अपराधी, तसाच असा मार्गदर्शक इतिहासाचा. हे नगर देवावाचून वसावे, असा राज्यकर्त्यांचा संकल्प होता. चर्चच्या नियोजित जागेवरील क्रूस हटविण्याचा प्रयत्न होताच, १९६० साली येथील रहिवासी पोलिसांशी झुंजले. आणि १९७७ साली याच नगरात, दुसऱ्या जागी का होईना, त्यांच्या चर्चचे पवित्रीकरण झाले.

कोणी म्हणेल, हसणे हाही जुलमावरचा सूडच. खरे आहे, पण तो ज्यांनी सोसले त्यांनी घ्यावा, तिकीट काढून आलेल्यांनी नव्हे. येथला लेनिनचा पुतळा १९८९ साली हटला व पुढे स्वीडनमधील एका करमणूक-उद्यानात गेला, याचे आम्हांस दुःख नाही. पुतळा खुशाल करमणुकीस जावो. झुंजणाऱ्यांची स्मृती मात्र त्याच्याबरोबर विकली जाऊ नये. मोटार त्या क्रुसापाशी थांबवावी, आणि तेथे तरी विनोद आवरावा.