साधन विद्यार्थ्याच्या हाती

सुट्टी लागली की वसतिगृहातील मूल घरी जाते. संगणक मात्र शाळेच्या खोलीत कुलूपबंद राहतो. सत्रभर हाताला लागलेले वळण महिनाभरात मोडते. निवासी शाळांत शिकविताना ही उणीव आम्हांस सतत सलत आली आहे.

तिच्यावरचा एक उपाय खिशात मावणारा आहे. आर्डुइनो हा मायक्रोकंट्रोलरचा छोटा बोर्ड २००५ साली इटलीतील इव्रिया येथे विद्यार्थ्यांसाठीच घडविला गेला. त्याचे प्रोग्राम लिहिण्याचे सॉफ्टवेअर विनामूल्य आहे. त्याच्या १.८ मालिकेतील झिप फाइल पेनड्राइव्हवर उलगडावी आणि मुख्य फोल्डरमध्ये इंग्रजी अक्षरांत ‘पोर्टेबल’ नावाचे रिकामे फोल्डर करावे. मग लिहिलेले प्रोग्राम, जोडलेल्या लायब्ऱ्या, निवडलेल्या सेटिंग्ज, सारे त्यातच साठते. ते सॉफ्टवेअर त्या संगणकात इन्स्टॉल करावे लागत नाही.

आमच्या दिंडोरीत छाटणीनंतर दमट हवा पडली की द्राक्षबागेत डाउनीची धास्ती असते. बोर्डाला आर्द्रतेचा सेन्सर जोडून बागेतील मजुराचे मूलही त्या हवेची नोंद ठेवू शकते. सुट्टीत शेजाऱ्याच्या संगणकावर तोच प्रोग्राम उघडून ते पुढे नेऊ शकते.

पेनड्राइव्ह हरवतो, व्हायरस आणतो, असा आक्षेप घेतला जातो. तो खरा आहे. स्वस्त बोर्डांसाठी काही संगणकांत ड्रायव्हर टाकावा लागतो, तेथे मालकाची परवानगी हवीच. परंतु दर आठवड्याला शाळेत प्रत काढून ठेवणे आणि पेनड्राइव्ह तपासणे ही शिस्त लावता येते. वही हरवेल म्हणून आपण मुलाला वही नाकारत नाही.

डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९२४ मध्ये स्थापन केलेल्या बहिष्कृत हितकारिणी सभेने पुढच्याच वर्षी सोलापुरात वसतिगृह काढले. छप्पर आणि जेवण नसल्याने शिक्षण खुंटू नये, हा त्यामागील विचार होता. आज छप्पर आहे, जेवण आहे; खुंटते ते साधनापाशी. म्हणून आठवीच्या प्रत्येक मुलामुलीला एक पेनड्राइव्ह आणि एक बोर्ड शाळेने द्यावा, आणि शाळा सोडताना तो परत मागू नये, असे आमचे स्पष्ट मत आहे. विद्या ज्याने मिळविली, तिचे साधनही त्याच्याच हाती राहिले पाहिजे.