विश्लेषण : बॅटमोबिलची नक्कल बेकायदा, मग ‘एलेनॉर’ची का नाही?

पडद्यावरची गाडी स्वतःच्या दारात उभी करण्याचा छंद अमेरिकेत जुना आहे. एखादी जुनी गाडी घ्यायची, तिच्यावर फायबरग्लासची बॉडी चढवायची, दिवे-डायल हुबेहूब जमवायचे आणि मेळाव्यांत मिरवायचे. विक्री सुरू झाली की मात्र वकील येतात. कॅलिफोर्नियातील मार्क टाउल यांच्याबाबत तेच झाले.

टाउल कशामुळे हरले?

त्यांचे ‘गॉथम गॅराज’ १९६६ ची मालिका आणि १९८९ चा चित्रपट यांतील बॅटमोबिलच्या प्रतिकृती सुमारे ९० हजार डॉलरला विकत असे. डीसी कॉमिक्सने दावा ठोकला. गाडीचे रूप सतत बदलते आणि पडद्यावरची गाडी डीसीने बनवलेलीच नाही, हा टाउल यांचा बचाव. त्यात तथ्य नव्हते असे नाही. मालिकेतली गाडी जॉर्ज बॅरिस यांनी बनवली होती आणि तीही १९५५ च्या ‘लिंकन फ्युच्युरा’ या प्रायोगिक मोटारीला नवे रूप देऊन!

पण नवव्या सर्किटच्या अपील न्यायालयाने २०१५ मध्ये गाडीकडे गाडी म्हणून नव्हे, तर पात्र म्हणून पाहिले. त्यासाठी तीन कसोट्या लावल्या. पात्राला दृश्य रूप आणि स्वभाव दोन्ही हवेत, ते कुठेही दिसले तरी ओळखता यावे आणि त्यात इतरांहून वेगळे असे काही असावे. वटवाघळाची छाप, गुन्हेगारांचा पाठलाग, शस्त्रसज्जता आणि खास नाव या बळावर बॅटमोबिल तिन्हींत उत्तीर्ण झाली. टाउल हरले.

मग ‘एलेनॉर’चे काय?

‘गॉन इन सिक्स्टी सेकंड्स’ या १९७४ च्या चित्रपटातली आणि निकोलस केजच्या २००० मधील नव्या आवृत्तीतली ही मस्टँग. तिच्यासारख्या गाड्यांवरून शेल्बी कंपनी आणि मूळ निर्मात्याच्या पत्नी यांच्यात वाद झाला. २००९ मध्ये समझोता झाला, तरी भांडण मिटले नाही. अखेर मे २०२५ मध्ये त्याच न्यायालयाने त्याच कसोट्या लावून एलेनॉरला तिन्हींत नापास केले. कधी पिवळी, कधी करडी, कधी गंजलेली. स्वतःचा स्वभाव नाही. थोडक्यात, ती पात्र नव्हे, चित्रपटातले सामान.

तर्क पटण्याजोगा आहे. कारागिराची अडचण वेगळीच. पत्र्यावर हातोडा मारण्यापूर्वी गाडीला ‘स्वभाव’ आहे की नाही, हे त्याने ठरवायचे कसे? शेल्बीसारख्या कंपनीला उत्तरासाठी इतकी वर्षे थांबणे परवडले. दोन-चार माणसांच्या गॅराजला ते परवडत नाही.

भारतात काय स्थिती?

इथे हौशी माणसाची गाठ कॉपीराइटआधी आरटीओशी पडते. मोटार वाहन कायद्याच्या कलम ५२ नुसार उत्पादकाच्या मूळ तपशिलांशी विसंगत बदल करता येत नाहीत, असे सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०१९ मध्ये स्पष्ट केले. त्यामुळे बॉडीच बदललेली गाडी प्रदर्शनात शोभेल, रस्त्यावर आणणे कठीण.