‘सावकारी पाश’मधला शेतकरी

तळेगाव ढमढेऱ्याच्या पंचक्रोशीत व्ही. शांताराम हे नाव निघाले की ‘पिंजरा’ आठवावा, हे स्वाभाविकच आहे. यात्रा, तमाशाचे फड आणि फडापायी धुळीला मिळालेला मास्तर ही चित्रे या भागाला परकी नाहीत. परंतु शिरूर तालुक्याचे शांतारामबापूंशी जे खरे नाते आहे, ते १९७२ सालच्या ‘पिंजरा’तून नव्हे, तर १९२५ सालच्या एका मूकपटातून जुळते.

तो मूकपट म्हणजे बाबूराव पेंटरांचा ‘सावकारी पाश’. कथा नारायण हरी आपटे यांची. कर्जाच्या कागदापायी जमीन गमावून शहरात मजुरीला जाणारा तरुण शेतकरी त्यात शांतारामांनी उभा केला. देवादिकांच्या चमत्कारांवर पोसलेल्या पडद्यावर त्या काळी कर्जरोख्याने खलनायकाची जागा घेतली, ही सामान्य घटना नव्हे.

हा शेतकरी शिरूरकरांना नवा नाही. याच तालुक्यातील करडे गावी १८७४ च्या डिसेंबरात सावकाराने कोर्टाच्या हुकूमनाम्याच्या बळावर देशमुखांचे घर पाडले आणि गावाने सावकारांवर बहिष्कार टाकला. पुढच्या मे महिन्यात सुप्याला उठाव झाला व तो भोवताली पसरला. लोकांचा रोख माणसांपेक्षा खतांवर आणि हुकूमनाम्यांवर होता; ती हिसकावून जाळण्यात आली. अमेरिकन यादवीच्या काळात चढलेला कापसाचा भाव कोसळलेला, शेतसारा वाढवलेला आणि सावकाराने हात आखडलेला, अशा तिहेरी कोंडीतून तो वणवा पेटला होता. ‘सावकारी पाश’ निघाला तेव्हा या घटनेला पन्नास वर्षे झाली होती, पाश मात्र सुटला नव्हता.

शांताराम स्वतः कष्टातून वर आले. १९०१ साली कोल्हापुरात जन्म; पुढे हुबळीला रेल्वेच्या कारखान्यात काम आणि पत्र्याच्या थिएटरात दारावरची नोकरी. पेंटरांच्या कंपनीत पडेल ते काम करीत ते नट झाले आणि दिग्दर्शकही. १९२९ साली त्यांनी दामले, फत्तेलाल, धायबर व सीताराम कुलकर्णी यांच्यासह ‘प्रभात’ काढली. हातात कसब असलेल्या माणसांनी भागीदारीत उभारलेला हा उद्योग १९३३ मध्ये पुण्यास आला. ‘कुंकू’, ‘माणूस’ आणि ‘शेजारी’ हे त्याच भागीदारीचे पीक आहे.

त्यांतील ‘शेजारी’ (१९४१) आज मुद्दाम पाहावा असा. पाकिस्तानच्या मागणीने वातावरण तापलेले असताना शांतारामांनी जिवा पाटील आणि मिर्झा या दोन म्हाताऱ्या मित्रांची गोष्ट सांगितली. त्यांच्यात फूट पाडतो तो कोणी मौलवी वा पुरोहित नव्हे, तर धरणासाठी जमिनीवर डोळा ठेवणारा भांडवलदार. विश्राम बेडेकरांच्या कथेतील हे निदान अनेक राजकीय भाषणांहून नेमके आहे. हिंदी आवृत्तीत तर ठाकुराचे काम मजहर खान यांनी व मिर्झाचे गजानन जागीरदारांनी केले!

१९४२ मध्ये शांताराम ‘प्रभात’मधून बाहेर पडले आणि मुंबईत परळला ‘राजकमल’ काढले. भागीदार आता मालक झाला. कौशल्य वाढले, कॅमेरा अधिक सरावला; प्रश्न मात्र समाजव्यवस्थेकडून व्यक्तीच्या हृदयाकडे सरकला. ‘दो आँखें बारह हाथ’ (१९५७) याला पूर्ण अपवाद नाही. औंध संस्थानातील मुक्त तुरुंगाच्या प्रयोगावर बेतलेल्या या चित्रपटातील सहा खुनी कैदी जेलरच्या चांगुलपणाने बदलतात. तरीही त्यात एक प्रसंग अस्सल आहे. कैदी स्वतः पिकवलेली भाजी बाजारात रास्त भावाने विकतात आणि त्यामुळे धंदा बुडणारा व्यापारी त्यांच्यावर गुंड घालतो. अर्थशास्त्राची जाण असलेल्या माणसानेच हे लिहावे, आणि ते लिहिले ग. दि. माडगूळकरांनी. जेलरची भूमिका करताना बैलाशी झुंजीत शांतारामांच्या डोळ्यांना इजा झाली. १९५८ साली बर्लिनला चित्रपटाचा गौरव झाला. ‘पिंजरा’त मात्र मास्तरच्या अधःपाताचा हिशेब सविस्तर आहे, फडातील बाईला पोटापाण्यासाठी काय मोजावे लागते, याचा हिशेब त्या मानाने तोकडा आहे.

१९९० साली ते गेले. ‘सावकारी पाश’ मूकपटाची प्रत आज उपलब्ध नाही, पण ‘शेजारी’ पाहता येतो. रांजणगावची औद्योगिक वसाहत याच तालुक्यात आहे. जमीन विकावी की राखावी यावरून भावकीत पडणारी फूट इथे कोणाला समजावून सांगावी लागत नाही. तळेगावच्या यात्रेत एका रात्री पडदा लावून तो चित्रपट दाखवावा; जिवा पाटलाच्या जमिनीचे काय होते हे पाहायला किती माणसे शेवटपर्यंत बसतात, ते कार्यकर्त्यांनी मोजावे.